उन्नूरचे हातमोजे

आमच्या आइसलंडात डोंगरातली न दिसणारी माणसं वर्षाच्या शेवटच्या दिवशी बिऱ्हाड बदलतात. बावीस वर्षांपूर्वी आमची सहा वर्षांची उन्नूर त्यांच्यामागे गेली, ती काळ्या खडकाशी दिसेनाशी झाली.

तेव्हापासून दर वर्षी त्या दिवशी माझी बायको रानवेग खडकावर लोकरीचे हातमोजे ठेवते. पोर वाढत असणार, म्हणून दर वर्षी थोडे मोठे विणते. दुसऱ्या दिवशी ते तसेच, थंडीनं कडक झालेले सापडतात.

यंदा माझंच डोकं फिरलं. "कोणासाठी विणतेस एवढे मोठे? सहा वर्षांची गेली ना ती? मग तेवढ्याच मापाचे विण!"

रानवेगनं सगळं उसवलं, चिमुकले हातमोजे विणले आणि काल खडकावर ठेवले.

आज दुपारी आम्ही दोघं खडकाशी गेलो. हातमोजे तिथंच होते, पण डाव्याचा अंगठा चोखून ओला झालेला. उन्नूरची ती खोडच होती. एवढ्या बर्फात तो अजून कोमट होता.

रानवेगनं तो गालाला लावला.

"काल्मान, बावीस वर्षं मी मोठेच विणत गेले रे," ती म्हणाली. "पोरीचे हात उघडेच राहिले."