आईचा डायलॉग

“ही माझी आई नाही,” लुचिया म्हणाली.

देवयानीने टॅबलेटवरचा सिनेमा थांबवला. कार्डिफच्या त्या केअर होममध्ये नव्वदी ओलांडलेली लुचिया तिच्या देखरेखीखाली होती. म्हातारीची नजर गेली होती, आणि मरण्याआधी एकदा आईचा आवाज ऐकायचा, एवढा एकच हट्ट उरला होता. आई लग्नाआधी इटलीत नटी होती, बोलपट नवे होते तेव्हा. आज तिचं नावही कुणाला माहीत नाही. देवयानीने तीन रविवार इंटरनेट पालथं घालून हा सिनेमा मिळवला होता. सिनेमाचं नाव, साल, सगळं जुळत होतं. म्हणजे लुचियाच आता विसरायला लागली, या विचाराने तिला वाईट वाटलं.

लुचियाने चेहरा कसा आहे ते विचारलं. उजव्या भुवईत खाच आहे, देवयानीने सांगितलं.

“मग आईच ती. आवाज तेवढा दुसरीचा.”

आईचं बोलणं अगदी खेड्यातलं, तिने सांगितलं. सिनेमा कंपनीने चेहरा ठेवला आणि आवाज कुणा शहरी बाईचा घातला असणार. तेव्हा सर्रास तसं करायचे. म्हणूनच आई हा सिनेमा बघायला कधी गेली नाही, हे लुचियाला आज कळलं. तिचा एवढासा झालेला चेहरा देवयानीला बघवेना.

सिनेमात आईला डायलॉग एकच होता. भांडी घासताना तो ती रोज म्हणायची, आपल्या गावच्या हेलात.

“म्यूट कर,” लुचिया अचानक म्हणाली. “आईचे ओठ हलले की माझा हात दाब.”

देवयानीची ड्युटी संपली होती. अंगात घातलेला कोट काढून ती पुन्हा बसली.

पहिल्यांदा उशीर झाला. लुचियाचं वाक्य सुरू होईपर्यंत ओठ मिटलेसुद्धा. सीन मागे घेऊन पुन्हा लावला, तरी तेच. मग देवयानीच्या लक्षात आलं, बोलण्याआधी नटीचा हात दाराच्या कडीकडे जातो. हात कडीकडे गेला, तसा तिने लुचियाचा हात दाबला.

“दार लावू नकोस, आलेच मी,” लुचिया इटालियनमध्ये म्हणाली. हा तिचा रोजचा कापरा आवाज नव्हता. तो खणखणीत होता, चांगलाच गावरान. शेवटच्या शब्दाला पडद्यावरचे ओठ मिटले.

“जमलं का आईला?” लुचियाने विचारलं.

 देवयानीने पुन्हा तिचा हात दाबला.