नवसाचा सूर्य

रुक्मिणीने पेजेचं ताट पुन्हा बाजूला सारलं. "सूर्य दिसल्याशिवाय माका नको."

भांडुपच्या चाळीवर आभाळ नुसतं मठ्ठपणे बसून होतं. झड काही हटत नव्हती. काल मोरीत तिला भोवळ आली. साखरेचं दुखणं, त्यात पोट रिकामं. डॉक्टरांनी सुशांतला तोंडावर सांगितलं, अशाने आई हातची जाईल. पण नवस म्हणजे नवस! मुलाचं नाव कॅमेरामन म्हणून पडद्यावर येईपर्यंत सूर्य पाहिल्याशिवाय अन्नाला शिवणार नाही, असं ती देवाला बोलून बसली होती. त्याचा पहिला सिनेमा लागायला अजून महिना होता. आग लागो त्या नावाला, सुशांतला वाटलं.

मग त्याच्या डोक्यात आलं, अरे, आपला धंदा तरी काय? भर पावसात, बंद स्टुडिओत, त्याने हिरॉइनच्या गालावर कोवळं ऊन पाडलं होतं. आईसाठी एक सकाळ जमू नये?

सेटवरचा मोठा दिवा तो टॅक्सीत घालून घेऊन आला. दिव्यावर केशरी जिलेटीन कागद लावला. बायकोला, अक्षताला, शेवग्याची फांदी देऊन बाहेर दिव्यापाशी उभं केलं. खोलीला दोन खिडक्या. एकीतून उजेड आईच्या चेहऱ्यावर सपाट पडत होता, दुसरीतून तिरपा, सुरेख. त्याने दुसरी घेतली. सकाळी सर जरा थांबली तसा तो फोनवर कुजबुजला, "अक्षता, चालू कर."

खिडकीच्या दुधी काचेमागे लालसर गोळा पेटला. भिंतीवर पानांच्या सावल्या हलल्या. झकास! रुक्मिणी उठून बसली आणि काचेकडे बघत राहिली. सुशांतचा जीव टांगणीला लागला. तिने हात काही जोडले नाहीत. भुकेने विसरली असेल बिचारी, असं त्याला वाटलं. तिने मुकाट्याने ताट ओढलं आणि शितन् शीत संपवलं. गोळीसुद्धा घेतली.

त्याच्या जिवात जीव आला. ताट उचलायला तो वाकला, तसं तिने त्याचं मनगट धरलं.

"झिला, सूर्य हयसून उगवणा नाय. हय तो मावळता."

सुशांतने वळून खिडकीकडे पाहिलं. "मग... मग जेवलीस कशाला, आये?"

"नवस तुझ्यासाठी होतो. तो तूच मोडलस, मगे मी कोणासाठी उपाशी रवू?"