उखर्डूची नोंद

सोजरबाईच्या ओट्यावर बसून वसंत मास्तरांनी वही उघडली आणि विचारलं, पंधरा दिवसांत घरात कोणी जन्मलं का, कोणी गेलं का. सोजरबाईने शेजारच्या दाराकडे पाहिलं. तिथे मालूबाई बसली होती, आणि तिच्या मांडीवर पोर नव्हतं.

एक्कावन्न सालची शिरगणती चालू होती. देश नवा, सरकार नवं. माणसं किती ते आधी मोजायला नको का? फेब्रुवारीत मास्तर देडतलाईहून पायी येऊन वस्तीतली घरं लिहून गेले होते. आता मार्चची दोन तारीख, फेरतपासणीची. एक तारखेला सूर्य उगवण्याआधी जो गेला त्याचं नाव खोडायचं, नंतर गेला त्याचं ठेवायचं. कोण्या शहाण्याने दूर कुठे बसून हे ठरवलं होतं.

मागच्या फेरीला दीड वर्षाच्या उखर्डूला कडेवर घेऊनच मालूबाईने सांगितलं होतं, "हा आमचा नाई. सोजरबाईचा हाये." तिची आधीची दोन पोरं पाळण्यातच गेली होती. म्हणून याला जन्मल्याबरोबर उकिरड्यावर ठेवलं, नाव उखर्डू पाडलं आणि सूपभर ज्वारी घेऊन सोजरबाईला विकून टाकलं. दुसऱ्याच्या पोरावर काळ कशाला नजर टाकेल? दूध मालूबाईच पाजायची, पण 'माझा' कधी म्हणायची नाही. मास्तरांना ही रीत ठाऊक होती. तरी त्यांनी मुकाट्याने पोर सोजरबाईच्या घरात लिहिलं होतं.

कधी गेला, असं त्यांनी हळूच विचारलं. काल पहाटे, मालूबाई म्हणाली, ताप उतरलाच नाही.

तासाभराचा फरक. दिवस निघाला असेल, थोडं उजाडलं असेल, असं मास्तरांनी दोनदा सुचवून पाहिलं. एवढं खोटं लिहायची त्यांची तयारी होती. मालूबाईला ते कळलंच नाही. अंधार होता, ती म्हणाली. तोंड दिसावं म्हणून नवऱ्याने चिमणी जवळ धरली होती.

मास्तरांनी सोजरबाईचं पान काढलं आणि टाक दौतीत बुडवला. तेवढ्यात मालूबाई उठून ओट्यापाशी आली.

"तिथून नका खोडू, मास्तर. पह्यले त्याले माह्या घरात लिहा. मंग खोडा."

सोजरबाईनेही मान हलवली. मालूबाईचाच होता, म्हणाली, साऱ्या वस्तीला माहीत आहे.

असा नियम कुठल्याच कागदात नव्हता. मास्तरांनी मालूबाईचं पान काढलं. तिच्या आणि नवऱ्याच्या नावाखाली जागा कोरी होती. तिथे त्यांनी लिहिलं, उखर्डू. वय दीड वर्ष. पुढचा रकाना नात्याचा होता. माहीत असूनही तो त्यांना विचारल्याशिवाय भरवेना.

"पोरगा," मालूबाई म्हणाली. "माहा पोरगा."

आणि मग तिला आवरेना. ओट्याच्या कडेला डोकं टेकून ती रडत राहिली. मास्तरांनी तिने सांगितलं तसंच लिहिलं. टाक पुन्हा बुडवून ते रेघ ओढायला वाकले, तेव्हा तिने त्यांचा हात धरला.

"थांबा जरा," ती म्हणाली. "शाई वाळू द्या."