निळा झेंडा

“झेंडा मी लावला, तर मीच काढणार. दुसऱ्याने हात लावायचा नाही,” माझा नवरा व्हर्लिन बजावायचा. डब्याखाली दुरुस्तीला शिरण्याआधी तो रुळांत निळा झेंडा रोवायचा; झेंडा असेपर्यंत डबा हलवायचा नाही. कॅन्ससमधली गहू वाहणारी आमची रेल्वे एवढीशी, माणसं घरच्यासारखी. एके दिवशी “झेंडा विसरून म्हातारा जेवायला पळाला वाटतं!” म्हणत इंजिनवाल्या आर्लोने हसत तो उपटला आणि डबे ढकलले. व्हर्लिन खालीच होता. दवाखान्यात तो मला म्हणाला, “आर्लोला सांभाळ. पोरगं मोडून पडेल.” मी वचन दिलं. आज व्हर्लिनचं दफन चालू असतानाच आर्लोची बायको धावत आली. “काकू, तो इंजिन सुरू करून बसलाय. तुटक्या पुलावर नेणार म्हणतो!” “मरू दे त्याला,” माझा मुलगा ओरडला. माझंही मन तेच म्हणालं. मग प्रभूचं नाव घेतलं आणि शवपेटीवर ठेवलेला व्हर्लिनचा निळा झेंडा उचलून इंजिनापुढे रोवायला निघाले.