चहा होईपर्यंत

“गाठ मारणाऱ्यांचा भरवसा धरू नकोस. पोरीला पोटाशी बांध आणि आत घेऊन जा,” सासू म्हणाली होती.

मोहिगुल हसली होती. “आई, मूल रडलं की गाठ सैल होते. आत घेत नाहीत. आणि चहा होईपर्यंत तर येतेच मी.”

यात खोटं काहीच नव्हतं. बुखाऱ्याबाहेरच्या वाटसरूंच्या सराईत कालविद्येची सभा भरली, की अध्यक्ष दाराच्या कडीला लोकरीच्या दोऱ्याची गाठ मारत. मग आत दिवसभर वाद झडला, तरी अंगणातल्या सामोवाराचं पाणी जेमतेम उकळलेलं असे. ज्याने गाठ मारली त्यानेच ती सोडायची. तोवर दार ना आतून उघडे, ना बाहेरून.

अंगणात तुतीचं रोप होतं, कमरेएवढं. त्याच्या शेजारी पाळणा ठेवून, सासूला पाळण्यापाशी बसवून मोहिगुल आत आली. उस्ताद वाहोबजान गाठ मारत होते. ती बघत होती. दोरा डावीकडून गेला.

“उस्ताद, गाठ उलटी पडली. बाहेरचा काळ धावेल.”

सगळ्या माना वळल्या.

“तू जन्मायच्या आधीपासून गाठी मारतोय मी, पोरी,” उस्ताद म्हणाले. “पोर अंगणात निजवलंस ते ठीक. अक्कलही तिथेच ठेवून आलीस का?”

दाढ्यादाढ्यांतून हसू फिरलं. ती खाली बसली. पहिला निबंध तिचाच होता: दुसऱ्या मितीत सावली कुठे पडते. गरोदरपणात सुरू केलेला, पोरीला पाजता पाजता पुरा केलेला. या सभेत बाईला वाचायला बोलावलं होतं ते पहिल्यांदाच. आता पुन्हा तोंड उघडलं, तर तेही जाईल असं तिला वाटलं.

ती वाचू लागली. वाचता वाचता दाराशी बारीक गुणगुण ऐकू आली. कानाशी डास यावा तशी. ती थांबली.

“ते काय आहे?”

“वारा,” उस्ताद म्हणाले. “वाच.”

तिने वाचलं. मध्येच ती गुणगुण बंद पडली, तेव्हा तिला हायसं वाटलं. मग पुन्हा सुरू झाली. आणखी बारीक, दाराच्या खालच्या अंगाने.

टाळ्या पडल्या. दाद चांगली होती. एकाने शंका काढली, दुसऱ्याने तिचं उत्तर परस्पर दिलं, दोघं भांडले. तिची छाती दुधाने ठणकू लागली.

“उस्ताद, दार सोडा. पोरीला पाजायचंय.”

म्हाताऱ्यांनी नजरा फिरवल्या. उस्तादांनी कपाळाला आठ्या घालत गाठ सोडली.

अंगणभर सावली होती. तुती छपराच्या वर गेली होती. पाळण्यात जर्दाळू वाळत घातले होते. सामोवारापाशी एक मुलगी काटक्या मोडत बसली होती. तिचे पुढचे दोन दात पडलेले होते.

मोहिगुलने मागे वळून दार पाहिलं. बाहेरच्या बाजूने लाकूड ठोठावून ठोठावून दोन जागी झिजलं होतं. एक खळगा म्हातारीच्या मुठीच्या उंचीवर. दुसरा त्याच्या बराच खाली.

“चहा झालाय,” मुलगी म्हणाली. “आजीने सांगितलंय, सामोवार विझू द्यायचा नाही. आई चहा होईपर्यंत येते म्हणालीय.”

“आजी कुठाय?”

“गेली. बर्फ पडला तेव्हा.”

मागून उस्ताद बाहेर आले. तुतीकडे मान वर करून बघत राहिले.

“वा! म्हणजे उलटी गाठही धरते तर. पुढच्या सभेला यावर निबंध हवा. मोहिगुल, तूच लिही. पहिल्यांदा तुझ्याच लक्षात आलं होतं.”

मुलगी उठून जवळ आली. तिने मोहिगुलकडे निरखून पाहिलं.

“खाला, तुमचा कुर्ता ओला झालाय.”

हे वाचताना पलीकडच्या खोलीतून बारीकसं काही ऐकू आलं असेल, तर वारा म्हणू नका. आधी उठा. बघून या.