चौथ्या दगडापुढचं पाणी

काठीची सावली चौथ्या दगडावर टेकली, तरी उत्तमने पाणी वळवलं नाही. हवाबीची पाळी संपली होती. आता पाणी शेजारच्या हमदचं. पण हमद हल्ली उशिराच यायचा. वय झालं, दुसरं काय.

डोंगरातून त्या आखाती गावात येणाऱ्या पाटाला यंदा जेमतेम मनगटाएवढी धार उरली होती. हाताहातांत मोबाइल आले, तरी पाण्याची वेळ अजून सावलीच ठरवी, आणि आठ दिवसांनी येणारी ज्याची त्याची पाळी वळवायला गावाने गुहागरचा उत्तम ठेवला होता. हवाबीच्या पाळीत पाणी शेवटच्या खजुरापर्यंत पोचतच नसे. ते झाड तिच्या मुलाने लावलेलं. मुलगा सोहारच्या रस्त्यावर अपघातात गेला. मागे एवढंच राहिलं. हमदने आपल्यातलं पाणी देऊ केलं, तर म्हातारीने त्याला दारातूनच परत पाठवलं. कुणाचे उपकार घेणं तिच्या रक्तातच नव्हतं.

मग उत्तमच चोर झाला. तीन पाळ्या त्याने हमदच्या वाट्यातलं बोटभर सावलीचं पाणी त्या झाडाला पाजलं. आजची चौथी. आणि आज झाडाच्या गाभ्यात हिरवा कोंब दिसला. हवाबी कोंबावरून हात फिरवत रडली. माझ्या हक्काचं पाणी पोचलं, म्हणाली, तुझ्यासारखा इमानी माणूस आहे म्हणून.

तो शब्द उत्तमला पचला नाही. खोटं मिरवू नये, असं आईने शिकवलेलं नेमकं तेव्हाच आठवलं. त्याने सगळं सांगून टाकलं.

हवाबी रागावली नाही. आपल्या पुढच्या चार पाळ्या हमदच्या बागेत सोड, एवढंच म्हणाली आणि दार लावून घेतलं. उत्तमने हातापाया पडून पाहिलं. दार उघडलं नाही.

तिची चौथी पाळी हमदकडे वळली, त्या दिवशी कोंबाची काडी झाली होती. झाड गेलं होतं. उत्तम हमदच्या बांधावर मान खाली घालून उभा राहिला.

"अर्बाब, मालक, माफ करा. तुमचं पाणी मी चोरलं."

हमद बागेत शिरणाऱ्या पाण्याकडे बघतही नव्हता.

"त्या काठीपासून माझं घर वीस पावलांवर आहे," तो म्हणाला. "दर पाळीला खिडकीत बसून तुझं उरकायची वाट बघायचो. तू तिला बोललास कशाला?"