पाचची घंटा

पाचची घंटा दहा मिनिटं आधी दिली म्हणून संस्थेच्या अध्यक्षांनी बारकूमामा शिपायाला बडतर्फ केलं होतं. बावीस वर्षांनी कोर्टाचा निकाल आला: चौकशी न करताच काढलंय, परत घ्या.

मामा हजर झाले तो नेमका त्यांच्या निवृत्तीचा दिवस. मुख्याध्यापकांनी एका हाताने रुजू अर्ज घेतला, दुसऱ्या हाताने निरोपाचा नारळ दिला.

"आजची घंटा तेवढी मी देणार," मामा म्हणाले.

निरोप समारंभात अध्यक्ष पाऊण तास शिस्तीवर बोलत होते. पाचला दहा कमी असताना मामांनी घंटा बडवली. मुलं क्षणात पसार झाली.

"बारकू, तुला आत्ताच्या आत्ता काढतो," अध्यक्ष गरजले.

"काढा की, साहेब. पण आधी चौकशी," मामा घड्याळाकडे बघत म्हणाले. "दहा मिनिटं आहेत."